ट्राम रस्त्यावरून का गेली, आणि जळगाव–भुसावळला तिचं काय?

गिरणाकाठ (धागाकर्ता)

'जळगावला मेट्रो हवी' हा मेसेज व्हॉट्सअ‍ॅपवर दर दोन-तीन महिन्यांनी उगवतो. वर नागपूर मेट्रोचा फोटो, खाली आकाशवाणी चौकातली कोंडी. यंदा आमच्या ग्रुपवर एकाने विचारलं, "मेट्रो राहू द्या, मुंबईला ट्राम होती ना, तसलं काही का नाही करत?" लगेच उत्तर आलं, "ट्राम जुनी झाली म्हणून तर काढली." मला हे पटलं नाही. घोडागाडी जुनी झाली हे खरं, पण मेलबर्न, झुरिक, व्हिएन्ना इथले लोक आजही ट्रामने कामाला जातात. मग आपल्याकडेच ती जुनी कशी झाली? म्हणून हा धागा. जाणकारांनी भर घालावी.

ट्रामचं मर्म रुळात आहे. लोखंडी चाक लोखंडी रुळावर फिरताना घर्षण फार कमी. दगडी रस्त्यावर घोडा जेवढ्या वजनाला तोंडाला फेस आणेल त्याच्या कितीतरी पट वजन तो रुळावरून निवांत ओढतो. वेल्समध्ये स्वान्सी ते मम्बल्स ही लाइन चुनखडी वाहण्यासाठी टाकली होती. तिने १८०७ साली भाडं घेऊन माणसं न्यायला सुरुवात केली, गाडीला घोडा जुंपून. १८३२ मध्ये न्यूयॉर्कच्या रस्त्यावर रूळ आले. पण ते रूळ रस्त्याच्या वर निघालेले असत, बाकीच्या बग्ग्यांची चाकं त्यांवर आपटून मोडत आणि लोक शिव्या घालत. तोडगा काढला आल्फोन्स लुबा या फ्रेंच माणसाने. मधोमध खाच असलेला, रस्त्याच्या पातळीत बसणारा रूळ त्याने १८५० च्या दशकात आधी न्यूयॉर्कला आणि मग पॅरिसला टाकला. ट्राम शहरात खऱ्या अर्थाने शिरली ती या खाचेमुळे.

आपल्याकडे पहिला प्रयोग कलकत्त्याचा: फेब्रुवारी १८७३, सियालदह ते आर्मेनियन घाट. त्याच नोव्हेंबरात तो गुंडाळला. मुंबईत ९ मे १८७४ ला दोन मार्ग सुरू झाले, कुलाबा ते पायधुणी आणि बोरीबंदर ते पायधुणी. भाडं आधी तीन आणे, थोड्याच दिवसांत दोन आणे. कंपनीच्या तबेल्यात नऊशे घोडे होते म्हणतात. एवढे घोडे का, तर एक घोडा दिवसातून काही तासच ओढू शकतो, म्हणून एका गाडीमागे जोड्यांवर जोड्या राखीव ठेवाव्या लागत. शिवाय चारा, लीद, आजार. १८७२ मध्ये अमेरिकेत घोड्यांची साथ आली आणि शहरंच्या शहरं ठप्प झाली.

घोड्याची सुट्टी विजेने केली. १८८१ मध्ये बर्लिनजवळ लिष्टरफेल्डला सीमेन्सने विजेची ट्राम चालवली. १८८८ मध्ये फ्रँक स्प्रेगने रिचमंडला, चढउतारांच्या शहरात, डोक्यावरच्या तारेला दांडा लावून अख्खं जाळं चालवून दाखवलं, आणि मग सगळं जग त्याच्यामागे लागलं. भारतात विजेची ट्राम पहिल्यांदा मद्रासला धावली, १८९५ मध्ये. लंडनच्या आधी, बरं का. कलकत्ता १९०२, मुंबई ७ मे १९०७.

आणि मग? कानपूर १९३३ ला बंद. मद्रास १९५३. दिल्ली १९६० च्या दशकात. मुंबईची शेवटची ट्राम ३१ मार्च १९६४ च्या रात्री बोरीबंदरहून दादरला गेली. कलकत्त्यात उरल्यासुरल्या एक-दोन मार्गांवर जीव धरून आहे.

माझं मत थोडक्यात: ट्राम यंत्र म्हणून कधीच नापास झाली नाही. ती हरली ती जागेच्या भांडणात. रूळ रस्त्याच्या मधोमध, रस्ता सगळ्यांचा. एक हातगाडी रुळावर आडवी झाली की मागच्या पाच ट्राम उभ्या, कारण ट्रामला बाजूने काढता येत नाही. मोटारी वाढल्या तशी ट्राम अडू लागली, आणि अडली की "ट्राममुळे कोंडी होते" हा ठपकाही तिच्यावरच. ज्या शहरांनी तिला तिची पट्टी राखून दिली तिथे ती टिकली. बोला.

---

केळीबाग

लेख आवडला भाऊ, पण जळगावात रूळ टाकणार कशात? आधी खड्डे बुजवा, मग रूळ टाका. नाहीतर रूळ टाका, म्हणजे खड्डे आपोआप बुजतील.

---

नाना_अमळनेर

गिरणाकाठ, तुम्ही १९६४ लिहिलंत आणि मला लालबाग आठवलं. वडील गिरणीत होते, माझं लहानपण तिथल्या चाळीत. नंतर आम्ही अमळनेरला परतलो.

ट्रामची एक गोष्ट सांगतो, पुस्तकात सापडायची नाही. ड्रायव्हर उभा राहून चालवायचा. पुढ्यात पितळी हँडल, आणि पायाखाली घंटेचं बटण. टाच मारली की ठण् ठण् ठण्. रस्त्यात कोणी आडवं आलं की टाच जोरात. चिडलेला ड्रायव्हर त्या टाचेवरून ओळखू यायचा. लाकडी बाकांच्या पाठी पुढे-मागे सरकायच्या. ट्राम शेवटच्या थांब्यावर पोचली की गाडी वळवायची नाही, कंडक्टर चालत चालत एकेक पाठ खटाखट उलटी करत जायचा, खाली उतरून दोरीने डोक्यावरचा दांडा फिरवून मागच्या बाजूच्या तारेला लावायचा, आणि ड्रायव्हर हँडल काढून दुसऱ्या टोकाला. दोन मिनिटांत गाडीचं तोंड झालेलं शेपूट. आम्ही पोरं ते बघायला मुद्दाम थांब्यावर जायचो.

दादर हे टोक असल्याने त्या चौकाला अजून दादर टीटी, म्हणजे ट्राम टर्मिनस, म्हणतात. आजची मुलं विचारतात टीटी म्हणजे तिकीट तपासनीस का!

तुमचं जागेचं म्हणणं बरोबर आहे. शेवटी शेवटी ट्राम माणूस चालतो तेवढ्याच वेगाने जायची. गिरणी सुटल्यावर वडील कित्येकदा पायीच यायचे, चार पैसेही वाचायचे. पण पाऊस लागला की मात्र ट्रामच.

---

प्रश्नचिन्ह

जागा वगैरे ठीक आहे. पण अमेरिकेत ट्राम जनरल मोटर्सने मारली हे जगजाहीर आहे. ट्राम कंपन्या विकत घेतल्या, रूळ उखडले, स्वतःच्या बस विकल्या. कोर्टात शिक्षाही झाली. आपल्याकडेही तेच झालं असणार.

---

गिरणाकाठ

@प्रश्नचिन्ह, अर्धं खरं आहे. नॅशनल सिटी लाइन्स ही कंपनी होती, तिच्यात जनरल मोटर्स, टायरवाले, तेलवाले यांचा पैसा होता, आणि तिने बऱ्याच शहरांच्या ट्राम कंपन्या घेऊन तिथे बस आणल्या. १९४९ मध्ये कोर्टाने दोषी ठरवलं ते या बससेवांना बस, टायर, तेल आपलंच घ्यायला लावायच्या कटाबद्दल. दंड किती? जनरल मोटर्सला पाच हजार डॉलर.

पण त्या कंपन्या विकायला निघाल्याच का होत्या? भाडं पाच सेंटवर करारात बांधलेलं, महागाई वाढली तरी वाढवता येईना. वर बहुतेक करारांत रुळांमधला आणि दोन्ही बाजूंचा रस्ता कंपनीनेच फरसबंद ठेवायचा. म्हणजे मोटारवाल्यांनी वापरायच्या रस्त्याचा खर्च ट्रामच्या प्रवाशांनी भरायचा! कट नसता तरी यातल्या बऱ्याच कंपन्या तरल्या नसत्या. मेलेल्याला मारणारा सापडला की बाकीचे आरोपी सुटतात, एवढंच.

उलट मेलबर्न बघा. १९५० च्या दशकात सगळं जग ट्राम काढत होतं तेव्हा तिथल्या ट्राम मंडळाचा प्रमुख रॉबर्ट रिसन हट्टाने अडून बसला. रूळ त्याने जाड काँक्रीटमध्ये पक्के रोवून टाकले, म्हणजे उखडायचं म्हटलं तरी खर्च परवडू नये. आज जगातलं सगळ्यात मोठं ट्रामचं जाळं तिथे आहे, अडीचशे किलोमीटरच्या आसपास. खमक्या माणूस.

---

सातपूरवाली

मी मूळची चोपड्याची, आता नाशकात. मुंबई-मेलबर्न फिरून झालं, पण आपल्या शेजारच्या ट्रामचं नाव कोणी घेतलं नाही! नाशिकला ट्राम होती. १८८९ पासून, मेनरोडवरच्या जुन्या नगरपालिकेपासून थेट नाशिकरोड स्टेशनपर्यंत, आठ-दहा किलोमीटर. सुरुवातीला चार घोडे दोन डबे ओढायचे.

ती का होती, हे बघण्यासारखं आहे. रेल्वे गावापासून लांबून गेली. यात्रेकरू स्टेशनवर उतरणार आणि रामकुंडाला जाणार, मधे सगळं रान. म्हणजे ती शहरातल्या शहरात फिरायची ट्राम नव्हती, स्टेशन आणि गाव जोडणारी दोरी होती. १९३० च्या दशकात बंद पडली. तोवर मोटारी आल्याच होत्या.

आता गंमत बघा. २०२१ च्या केंद्रीय अर्थसंकल्पात नाशिकला 'मेट्रो निओ' जाहीर झाली. टायरवर धावणारी, वरच्या तारेतून वीज घेणारी बस, उंचावरच्या रस्त्यावरून. दोन मार्ग मिळून ३३ किलोमीटर, सुमारे २,१०० कोटी. सासूबाई विचारतात, "ती कुठपर्यंत आली गं?" मी सांगते, पेपरपर्यंत.

---

प्रश्नचिन्ह

@गिरणाकाठ, पाच हजार डॉलर?? आमच्याकडे विनाहेल्मेटवाल्याला जास्त लागतो.

---

शेंदुर्णी_पॅसेंजर

ताई, तुमच्या नाशिकच्या ट्रामसारखीच आमची पीजे. पाचोरा–जामनेर. कोणी लिहीत नाही म्हणून मीच लिहितो.

अडीच फुटी लाइन, म्हणजे दोन रुळांमधे अडीच फूट, लांबी छप्पन्न किलोमीटर. पाचोरा, वरखेडी, पिंपळगाव, शेंदुर्णी, पहूर, भागदरा, जामनेर. पहिल्या महायुद्धाच्या शेवटाला आली, कापसासाठी. आमच्या भागातला कापूस जिनांमधून पाचोऱ्याच्या मोठ्या लाइनला पोचवायचा, हे तिचं काम. माणसं नंतर भरली.

वरखेडीला गुरांचा बाजार असला की त्या दिवशी गाडीत पाय ठेवायला जागा नसायची. बैल घेऊन गेलेला माणूस परतताना नुसता कासरा घेऊन यायचा, आणि मग अख्खा डबा त्याला भाव विचारायचा. कितीला गेला, दात किती होते, दलालाने किती खाल्ले. शेंदुर्णीपर्यंत हिशेब चालायचा. आणि फाटकं! बऱ्याच फाटकांवर माणूसच नाही. गाडी अलीकडे थांबणार, गाडीतलाच एक जण उतरून फाटक लावणार, गाडी पुढे जाऊन परत थांबणार, तो फाटक उघडून धावत येऊन चढणार. कोणाला घाई नव्हती. ज्याला घाई तो एसटीने जायचा.

मला गिरणाकाठभाऊंच्या मुद्द्यात एक भर घालायची आहे. पीजेला तर स्वतःची जागा होती, कोणी हातगाडी आडवी लावत नव्हतं. तरी ती मागे पडली. कारण दिवसाला फेऱ्या मोजून दोन. सकाळची चुकली तर संध्याकाळी या. शेजारच्या रस्त्यावरून काळीपिवळी दर पंधरा मिनिटांनी भरून निघायची. नुसती जागा देऊन भागत नाही भो, गाडी सारखी सारखी यावी लागते.

२०२० च्या लॉकडाऊनला बंद झाली ती परत सुरू झालीच नाही. आता मोठी लाइन होऊन जामनेरहून पुढे बोदवडला जाणार. चांगलंच आहे. पण मोठ्या लाइनवर पण दिवसाला दोनच गाड्या सोडल्या तर काळीपिवळीवालेच पेढे वाटतील.

---

अहिराणी_वाघ

हाई खरं शे भाऊ. एकदम खरं.

---

भुसावळ_यार्ड

रेल्वेत आयुष्य गेलं, आता निवृत्त. बराच वेळ नुसता वाचत होतो. छोट्या लाइनचा विषय निघाला म्हणून लिहितो.

या अडीच फुटी लाइनींना जी अक्कल लागली ती एका माणसाकडून बरीच आली: एव्हरार्ड कॅलथ्रॉप. जीआयपीत, म्हणजे आजच्या मध्य रेल्वेच्या आधीच्या कंपनीत, नोकरीला होता, म्हणजे आमच्याच खात्याचा. बार्शीला कापूस आणि धान्याचा मोठा बाजार, पण मुख्य लाइन बार्शी रोडवरून गेलेली, म्हणजे आजचं कुर्डुवाडी. मधलं अंतर बैलगाडीने. कॅलथ्रॉपचं म्हणणं, हलके रूळ टाका, पण प्रत्येक डब्याचं, प्रत्येक इंजिनाचं वजन चाकजोड्यांवर सारखं वाटा. कोणत्याही चाकजोडीवर पाच टनांपेक्षा जास्त येऊ द्यायचं नाही. मग तीस पौंडी (यार्डाला तीस पौंड वजनाचा) रूळसुद्धा पुरतो आणि त्यावरून दणकट माल जातो. हे त्याने आधी इंग्लंडात लीड्सजवळ चाचणीची लाइन टाकून लोकांना दाखवलं, आणि १८९७ मध्ये बार्शी लाइट सुरू झाली. पुढे पंढरपूर, लातूर, मिरज. आषाढीला त्या लाइनने किती वारकरी वाहिले याला गणती नाही. (हाच माणूस पुढे विमानातून उडी मारायच्या पॅराशूटच्या मागे लागला. रिकामा बसणारा नव्हता.)

आता एक स्पष्ट सांगतो. बार्शी लाइट, पीजे, माथेरान या एका जातीच्या. परदेशातली आजची लाइट रेल ही दुसरी जात. ती ट्रामचीच पुढची पिढी: लांब जोडगाड्या, शक्यतो स्वतंत्र पट्टी, चौकात सिग्नलला तिला आधी वाट. कॅनडात एडमंटनने १९७८ ला सुरू केली, कॅलगरीने १९८१ ला. कॅलगरीची वस्ती तेव्हा सहा लाखांच्या आसपास होती. म्हणजे जळगावपेक्षा फार मोठं गाव नव्हे. फ्रान्समध्ये नांतने १९८५ ला ट्राम परत आणली, आणि पॅरिस, जिथून १९३८ मध्ये ती हाकलली होती, तिथेही १९९२ मध्ये परत आली. लंडनने १९५२ ला निरोप दिला, २००० साली क्रॉयडनला पुन्हा रूळ टाकले.

पण आपल्याकडे लगेच उड्या मारू नका. रूळ टाकले की पुढची पन्नास वर्षं ते झिजतात, घासावे लागतात, बदलावे लागतात. खाचेत माती, प्लॅस्टिक, पावसाचा गाळ भरतो, तो रोज काढावा लागतो. जे गाव गटारी उपसू शकत नाही ते खाच उपसेल का, याचं उत्तर मला आधी द्या.

---

केळीबाग

यार्डकाका, सिक्सर.

---

धुळे_पारोळा_रोड

सगळं जळगावचं चाललंय. धुळेकरांनी काय पाप केलं? आमच्याकडे शहर बसच धड नाही. देवपूरहून स्टेशनला जायचं तर शेअर रिक्षात पुढे ड्रायव्हरच्या दोन्ही बाजूंना एकेक, मागे चार, आणि पोत्यासकट एक काकू. परवा सामान घेऊन निघालो, रिक्षावाल्याने पाचकंदीलला उतरवलं, म्हणे पुढे सवारी नाही. भाडं पूर्ण घेतलं. आम्हाला ट्राम नको, मेट्रो नको, वेळेवर सुटणारी बस द्या. चाळीसगाव–धुळे मेमू (विजेवरची लोकलसारखी पॅसेंजर) आल्यापासून तिकडचं तेवढं बरं झालंय.

---

रावेर_ते_राइन

मूळ रावेरचा, नोकरीनिमित्त जर्मनीत. धागा वाचून राहवलं नाही, कारण मी ज्या भागात राहतो तिथलं उदाहरण जळगाव–भुसावळला अगदी चपखल बसतं.

कार्ल्सरूह. वस्ती तीन लाख, म्हणजे जळगावपेक्षा लहान. इथेही नाशिकसारखीच तक्रार होती: मुख्य स्टेशन बाजारपेठेपासून लांब. आजूबाजूच्या गावांतून लोक रेल्वेने यायचे, स्टेशनवर उतरायचे, मग ट्राम पकडायची. या उतरण्या-चढण्यात लोक कंटाळून मोटार काढायचे. इथल्या लोकांनी विचार केला की शहराची ट्रामच रेल्वेच्या रुळावर का चढवू नये? १९९२ मध्ये कार्ल्सरूह ते ब्रेटन हे सुरू झालं. ट्राम बाजारातून निघते, रस्त्यावर ७५० व्होल्ट डीसी घेते, शहराबाहेर एका ठिकाणी तारेत वीज नसलेला तुकडा येतो, तिथून गाडी वेगात घसरत पार होते आणि पुढे रेल्वेच्या १५ हजार व्होल्ट एसीवर चालू लागते. आत बसलेल्याला कळतही नाही. मग मालगाड्या आणि एक्स्प्रेसच्या मधे मधे धावत गावोगावच्या छोट्या थांब्यांवर थांबते. प्रवासी काही पटींनी वाढले. कारण गाडी नवी म्हणून नाही. गाडी बदलावी लागत नाही म्हणून, आणि शेंदुर्णीवाले दादा म्हणाले तसं, गाडी सारखी सारखी येते म्हणून.

चाकाचा आकारही दोन्ही रुळांना चालेल असा खास बनवावा लागला. ट्रामच्या खाचेला बारीक काठ लागतो, रेल्वेच्या सांध्यांना जाड. आणि मालगाडीशी टक्कर झाली तर ट्राम चुरगळेल, ही भीती होतीच. त्यावर उत्तर असं दिलं की ट्राम मालगाडीपेक्षा कितीतरी कमी अंतरात थांबते, शिवाय सिग्नल चुकवला तर गाडी आपोआप थांबवणारी यंत्रणा बसवलेली आहे.

आता नकाशा काढा. भुसावळ, भादली, जळगाव, आणि सुरतेच्या लाइनवर गिरणेपलीकडे पाळधी. रूळ आहेत, वीज आहे. दोन्ही टोकांना आणि मधे माणसं आहेत. जळगाव स्टेशन तर गावाच्या मधोमध आहे, फुले मार्केट चालत. कार्ल्सरूहने कोट्यवधी मार्क घालून जे मिळवलं त्यातलं निम्मं जळगावला आधीच फुकटात मिळालंय.

---

भुसावळ_यार्ड

रावेरभाऊ, लिहिलंत छान, पण जर्मनीची मालगाडी आणि भुसावळची मालगाडी एक नाही. इथे मुंबईहून येणारं आणि सुरतेहून येणारं सगळं एका यार्डात घुसतं, नागपूर आणि इटारसीकडचंही. जळगाव–भुसावळमध्ये तिसरी लाइन टाकली ती उगाच नाही. त्यात तुमची चिमुकली ट्राम दर पंधरा मिनिटांनी घालायची म्हणाल तर कंट्रोलवाला आधी राजीनामा देईल.

शिवाय आपला ब्रॉडगेज, म्हणजे रुळांमधलं अंतर १,६७६ मिलिमीटर. ट्रामच्या गाड्या जगभर बहुतेक १,४३५ वर किंवा त्याहून अरुंद रुळांवर. ब्रॉडगेजवर सुटसुटीत गाडी बनवता येत नाही असं नाही, दिल्ली मेट्रोची पहिली लाइन ब्रॉडगेजच आहे. पण तयार माल बाजारात नाही. आणि आपल्या तारेत २५ हजार व्होल्ट. फलाट उंच. खालच्या पायरीची ट्राम त्या फलाटाला लावली तर प्रवासी उतरणार नाही, खिडकीतून फलाट बघत बसेल.

ट्राम विसरा. मेमूच घ्या. तीच गाडी, कमी डबे, जास्त फेऱ्या. आत्ता अडचण अशी की पॅसेंजर गाड्या सकाळी आणि संध्याकाळी एकगठ्ठा, आणि मधे दुपारभर काही नाही.

---

गिरणाकाठ

काका, तुम्ही नाही म्हणत म्हणत हो म्हणालात. 😄

मेट्रोवाल्यांसाठी आकडा देऊन ठेवतो. नागपूर मेट्रोचा पहिला टप्पा मंजूर झाला तेव्हा ३८ किलोमीटरला ८,६८० कोटी, म्हणजे किलोमीटरमागे सव्वादोनशे कोटींच्या वर. २०११ च्या जनगणनेत जळगाव साडेचार लाखांच्या थोडं वर, भुसावळ पावणेदोन लाखांच्या वर. तासाला हजारो माणसं एका दिशेला जाणार असतील तर असल्या मार्गाचा विचार करायचा. आपल्याकडे अजिंठा चौफुलीवर एवढी माणसं दिसतात, पण ती दहा दिशांना जाणारी.

---

सातपूरवाली

मला वाटतं सगळे गाडीबद्दल बोलताहेत, थांब्यापर्यंत कसं जायचं यावर कोणी नाही. भादलीला उतरून नशिराबादला जायचं तर पुढे काय? बायकांना अंधार पडल्यावर त्या स्टेशनबाहेर उभं राहायला बरं वाटेल का? नाशिकच्या ट्रामचं एक बरं होतं, गावाच्या मेनरोडवर सोडायची.

---

एमएस्सी_बांभोरी

मी विद्यापीठात आहे, रोज भुसावळहून येते. ताईंच्या प्रश्नाचं उत्तर माझ्याकडे नाही, पण माझा रोजचा मार्ग सांगते. भुसावळहून पॅसेंजर मिळाली तर जळगाव. मग स्टेशनबाहेरून रिक्षाने महामार्ग, तिथून बस किंवा काळीपिवळी. गाडीपेक्षा या दोन बदलांतच जास्त वेळ जातो. उन्हाळ्यात एप्रिल-मेमध्ये पंचेचाळीस अंशांत महामार्गावर उभं राहायचं, सावलीला पानटपरीचं पत्र्याचं छप्पर. सुरतेकडे जाणारी जी सकाळची गाडी आहे ती पाळधीला थांबली तरी विद्यापीठ मागेच राहतं.

यार्डकाका, जळगाव–पाळधीच्या मधे विद्यापीठापाशी एक हॉल्ट (छोटा थांबा) द्यायला काय लागतं? म्हणजे खरोखर काय लागतं?

---

भुसावळ_यार्ड

पोरी, हॉल्ट ही सगळ्यात स्वस्त गोष्ट. सिग्नल लागत नाही, लूप (गाडी बाजूला घ्यायचा जादा रूळ) लागत नाही. दोन्ही रुळांना एकेक फलाट, एक शेड, पाण्याची सोय, पायी पूल, आणि तिकीट विकायला कमिशनवर एक एजंट. पण रेल्वे दोन प्रश्न विचारते. रोज किती तिकिटं खपतील, आणि थांब्यामुळे मागच्या गाडीला किती मिनिटं बसतील. पहिल्याचं उत्तर तुम्ही विद्यार्थी देऊ शकता. कोण कुठून येतं, किती वाजता येतं, किती वाजता परत जातं, याची यादी विभागवार करा. नुसत्या सह्यांचं निवेदन देऊ नका, त्याचा गठ्ठा कपाटात जातो. वेळापत्रक जोडलेली यादी असेल तर ऑपरेटिंगवाल्याला ती वाचावी लागते.

दुसऱ्याचं उत्तर त्या सेक्शनच्या चार्टवर आहे. सुरत लाइन आता दुहेरी झालीये, तिकडे मुख्य लाइनइतकी गर्दी नाही. सकाळी साडेनऊच्या आत एक आणि संध्याकाळी पाचनंतर एक, एवढंच मागा. चार गाड्या मागाल तर एकही मिळणार नाही.

---

एमएस्सी_बांभोरी

यादी करते. आमच्या विभागापासून सुरू करते, यावल-फैजपूरकडच्या मुलींनाही घेते. नमुना कसा करायचा ते विचारायला तुम्हाला व्यनि (व्यक्तिगत निरोप) करू का काका?

---

भुसावळ_यार्ड

कर. आणि परतीची वेळ प्रॅक्टिकल सुटायच्या वेळेनुसार लिही, वर्ग सुटायच्या नाही. मागच्या वेळी एका गावाने हीच चूक केली होती, गाडी मिळाली आणि रिकामी गेली.

---

केळीबाग

धागा वाचनखूण साठवली. नाना, तेवढं टाचेच्या घंटेचं अजून लिहा.